तबलजीचा कॅमेरामन कसा झाला? मला नेहमी विचारले जाणारे प्रश्न

मी गडचिरोली जिल्ह्यातल्या वडशाच्या बाजूच्या एका खेड्यातला. अकरा सीझन झाडीपट्टीच्या, म्हणजे आमच्या पूर्व विदर्भाच्या, नाटकांत आधी तबला आणि मग ऑक्टोपॅड वाजवला. आता कॅमेऱ्यामागे असतो. फोनवर, लग्नात, टपरीवर लोक तेच तेच विचारतात, आणि मी दर वेळी अर्धंच उत्तर देतो. म्हणून एकदा बसून सगळं लिहिलं.

बरा वाजवत होता, सोडला काहून?

ठरवून सोडला नाही, सुटत गेला. आमच्याकडं दिवाळी झाली की मंडया, म्हणजे गावोगावच्या जत्रा, सुरू होतात, त्यामागून शंकरपट, म्हणजे बैलांच्या शर्यती, आणि पार होळीपर्यंत नाटकं. रात्री दहा-अकराला पडदा उघडतो तो उजाडायच्या सुमारास पडतो. सकाळी गाडीत झोपायचं आणि संध्याकाळी दुसऱ्या गावात डोळे उघडायचे. पैसा बरा होता, मानही होता. झाडीपट्टीचे कलावंत परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली, तेव्हा आमच्यातल्या प्रत्येकाला वाटलं की थोडी आपल्यालाही मिळाली.

पण २०२० च्या मार्चमध्ये सगळं बंद झालं आणि त्या दिवाळीनंतर आमच्या कंपनीचे प्रयोग लागले नाहीत. घरी धान कापून झाल्यावर हाताला काम नव्हतं. नागपूरच्या एका दुकानातून ३८ हजारांत जुना कॅमेरा आणला. बायकोला २२ सांगितले. (तिला आता माहीत आहे.)

आणखी एक कारण आहे, पण ते सांगितलं तर लोक हसतात. वादक मंचासमोर खाली बसतात, त्यामुळे अकरा वर्षं मी नट खालून पाहिले. पायाजवळचा हॅलोजन पेटला की खलनायकाच्या नाकाची सावली कपाळावर चढायची आणि रोज हसतखेळत सोबत जेवणारा माणूस ओळखू येईनासा व्हायचा. दिव्यानं एवढं होतं, तर हा दिवा ठरवतं कोण, असं मनात यायचं. ठरवत कोणीच नव्हतं. मंडपवाला लावेल तिथं दिवा.

ज्याला संगीत येतं त्याला कॅमेरा लवकर जमतो का?

अर्धा जमतो. कोणता अर्धा ते नीट सांगतो, कारण इथं पुष्कळ जण फसतात.

हिशोब लवकर जमतो. मधला सा २४० कंपनांचा धरला तर तार सा ४८० चा, म्हणजे एक सप्तक चढलं की दुप्पट. प्रकाशाचंही तसंच. लेन्सवर १.४, २, २.८, ४, ५.६, ८ असे आकडे असतात, त्यात आकडा एक घर चढला की प्रकाश निम्मा आणि एक घर उतरला की दुप्पट. त्या एका घराला स्टॉप म्हणतात. पोरं हे आकडे पाठ करतात आणि चौथ्या दिवशी विसरतात. मला ज्या दिवशी हे सप्तकासारखं दिसलं त्या दिवसापासून पाठ करावं लागलं नाही. कॅमेऱ्याच्या चाकावर एका स्टॉपचे तीन भाग केलेले असतात, त्यांना मी मनातल्या मनात श्रुती म्हणतो. बरोबर नाही ते, पण काम भागतं.

लयही कामाला येते. गाण्याची गती मिनिटाला ७५ मात्रा असेल आणि कॅमेरा सेकंदाला २५ फ्रेम घेत असेल, तर एका मात्रेला बरोबर २० फ्रेम पडतात. म्हणजे दादऱ्याच्या सहा मात्रांच्या एका आवर्तनाला १२० फ्रेम, ४.८ सेकंद. केहरव्याच्या आठ मात्रांना १६०, म्हणजे ६.४ सेकंद. ट्रॉली कुठून निघावी आणि समेवर कुठं येऊन थांबावी हे तबलजीला घड्याळ न पाहता कळतं. एकदा ट्रॉली ढकलणाऱ्या पोट्ट्याला सेकंद सांगून सांगून थकलो. शेवटी त्याच्या पाठीवर दादरा वाजवला. तिसऱ्या आवर्तनाला ट्रॉली बरोबर नटीच्या चेहऱ्यावर येऊन थांबली.

आणि सगळ्यात मोठी गोष्ट म्हणजे संगतीची सवय. मी कधी एकल वादन केलं नाही, आयुष्यभर दुसऱ्याची साथ केली. नट कधी वाक्य खाईल, कधी गाणारी बाई एक ओळ परत घेईल, कधी प्रेक्षकांतून वन्समोअर येईल, हे आधी हाताला कळायचं आणि मग डोक्याला. कॅमेरा हातात घेऊन माणसामागं चालताना तेच लागतं. तो वळायच्या आधी त्याचा खांदा सांगतो. ज्याला खांदा वाचता येत नाही तो कायम अर्धा सेकंद मागं राहतो आणि मग कॅमेरा स्थिर धरणारा महागडा गिंबल घेतो. गाणारे आणि बासरीवाले यांना आणखी एक फायदा असतो, त्यांचा श्वास काबूत असतो. हातात धरलेल्या कॅमेऱ्यात श्वास दिसतो.

मग उरलेला अर्धा?

डोळा. त्याला संगीत काडीचं उपयोगी पडत नाही.

माझं पहिलं मोठं काम होतं एका गावची खंजिरी भजन स्पर्धा. तीन तास चित्रीकरण केलं. घरी येऊन संगणकावर लावलं तर पडद्यावर खालून वर काळपट पट्टे सरकताहेत, सुरुवातीपासून शेवटपर्यंत. मला वाटलं कॅमेरा बिघडला, दुकानदाराला शिव्या घातल्या. कॅमेरा चांगला होता, बिघडलेला मी होतो. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे ट्यूब आणि स्वस्तातले एलईडी सेकंदाला १०० वेळा कमीजास्त होतात. कॅमेरा आधीच्या मालकानं अमेरिकेच्या पद्धतीवर ठेवलेला होता, सेकंदाला ३० फ्रेम आणि शटर, म्हणजे एक फ्रेम उजेड घेते तो वेळ, १/६० सेकंद. वीज एका लयीत, शटर दुसऱ्या लयीत. दोन तबलजी वेगवेगळ्या ठेक्यात बसवल्यासारखं झालं. उपाय एका मिनिटाचा होता: मेन्यूत पाल ही आपल्याकडची व्हिडिओ पद्धत निवडायची, २५ फ्रेम आणि शटर १/५०. मंडळानं पैसे पूर्ण दिले, पण पुढच्या वर्षी दुसऱ्याला बोलावलं.

नुसत्या डोळ्याचं शिक्षण त्याहून लांबचं आहे. कान लहानपणापासून तयार होता, म्हणून मला वाटायचं की डोळाही असेलच. तो नव्हता. वर्षभर मी रोज एकच काम केलं. घरातल्या माणसाला दारात, खिडकीशी, परसात बसवायचं आणि सावली कुठं पडते ते वहीत काढायचं. आईचे एवढे फोटो काढले की ती म्हणायची, "आता काय माहा आधार कार्ड नवा बनवतं का?"

संगीतातून कॅमेऱ्याकडं आलेला मोठा माणूस कोणी आहे का?

दोघांची नावं सांगतो. व्ही. के. मूर्ती व्हायोलिन शिकलेले होते. १९५९ च्या 'कागज के फूल' मध्ये स्टुडिओत वरून उतरणारा तो प्रकाशाचा जाड झोत त्यांनी आरशांवरून सूर्यप्रकाश परतवून आणला. २००८ चा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला.

दुसरे सुब्रत मित्र. 'पथेर पांचाली' (१९५५) करायच्या आधी त्यांनी चित्रपटाचा कॅमेरा चालवलेला नव्हता, फोटो काढायचे. सतार वाजवायचे, आणि त्या चित्रपटाच्या पार्श्वसंगीतात थोडी सतार त्यांचीच आहे. पुढच्या वर्षी 'अपराजितो' साठी बनारसच्या घराचं अंगण स्टुडिओत उभारलं, तेव्हा वर पांढरं कापड ताणून त्यावर दिवे मारले आणि परतलेल्या मऊ उजेडात दृश्य घेतलं.

हे वाचून मी आमच्या अंगणात बाबांचं धोतर ताणलं. जमलं बरं का! पातळ धोतर चांगलं. जाड चादरीतून उजेड फार कमी होतो.

शिकायचं कुठं? पुण्याला जावं लागतं का?

पदवी असेल आणि तीन वर्षं देता येत असतील तर जरूर प्रयत्न करा. पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट १९६० पासून प्रभात स्टुडिओच्या जागेत आहे. सिनेमॅटोग्राफीचा अभ्यासक्रम तीन वर्षांचा, पदवी कोणत्याही शाखेची चालते, आणि प्रवेश परीक्षा देऊन आत जावं लागतं. कोलकात्याला सत्यजित राय यांच्या नावाची संस्था १९९५ पासून आहे. माझ्याकडं बारावीच होती. ज्यांची माझ्यासारखी गत आहे त्यांनी नाशिकच्या मुक्त विद्यापीठातून पदवी करून ठेवावी. उपयोग झाला तर झाला. पुण्याच्या संस्थेचे छोटे अभ्यासक्रमही निघतात, त्यांच्या संकेतस्थळावर लक्ष ठेवा. जायला आपल्या गोंदियाहून महाराष्ट्र एक्सप्रेस थेट पुण्याला आहे.

मी ब्रह्मपुरीच्या एका लग्नाच्या व्हिडिओवाल्याकडं शिकलो, ८०० रुपये रोजावर. लग्नाच्या कामाला नाक मुरडणारे भेटतील. माझं मत उलटं आहे. हळद लागताना परत एकदा लावा म्हणता येत नाही, दिवे तुमच्या मर्जीचे नसतात, मागं डीजे आणि पुढं दहा मामा मोबाइल घेऊन उभे. इथं ज्याला फ्रेम सापडते त्याला कुठंही सापडते.

कॅमेरामन, सिनेमॅटोग्राफर आणि डीओपी यात फरक काय?

गावात तिन्ही एकच. मोठ्या युनिटमध्ये पायऱ्या असतात. सगळ्यात खाली अटेंडंट, तो सामान सांभाळतो. मग असिस्टंट, त्यातला एक क्लॅप, बॅटऱ्या, लेन्स बघतो आणि दुसरा फोकस ओढतो, म्हणजे नट हलला तरी चित्र स्पष्ट ठेवतो. मग कॅमेरा प्रत्यक्ष चालवणारा ऑपरेटर. आणि वर डीओपी, म्हणजे डायरेक्टर ऑफ फोटोग्राफी. दृश्य दिसणार कसं हे तो ठरवतो आणि पुष्कळदा कॅमेऱ्याला हातही लावत नाही. सिनेमॅटोग्राफर म्हणजे तोच.

तुम्ही कोणत्या पायरीवर आहात?

मोठ्या कामात फोकस ओढतो. छोट्या कामात, म्हणजे झाडीबोली आणि गोंडी गाण्यांचे अल्बम, दोन लघुपट, एका कृषी केंद्राची जाहिरात, यांत डीओपी मीच, लाइटमन मीच आणि ड्रायव्हरही मीच.

फोकस ओढण्याचं काम तबलजीनं नक्की करून पाहावं. जमिनीवर टेपनं अंतर मोजून खुणा करायच्या, आणि नट चालत आला की बोटांनी रिंग त्या वेगानं फिरवायची, ना आधी ना मागून. मोठी लेन्स आणि १.८ चं तोंड उघडं असेल तर डोळा स्पष्ट आणि कान धूसर, एवढाच वाव असतो. डग्ग्यावर मनगट सरकवून घुमारा काढतो ना, तेवढ्या नाजूक हाताचं काम आहे ते.

स्लो मोशनच्या गाण्यात ओठ कसे जुळतात?

हा प्रश्न मला आवडतो. पडद्यावर चाल निम्म्या वेगाची हवी असेल तर कॅमेरा सेकंदाला ५० फ्रेम घेतो आणि ती २५ नं दाखवतात. मग ओठही निम्म्या वेगानं हलणार. ते जुळवायचे तर चित्रीकरणाच्या वेळी गाणं दुप्पट वेगानं लावायचं आणि नटीनं त्या वेगात ओठ हलवायचे.

सांगायला सोपं आहे. एका अल्बमच्या वेळी तलावाच्या पाळीवर आम्ही स्पीकर लावला, ७५ ची चाल १५० वर. सूर बदलू नये असं करून वाजवलं तरी शब्द उंदीर कुरतडल्यासारखे ऐकू येत होते. ती पोरगी गावातच वाढलेली, पहिलंच काम, तिला हसू आवरेना. दिग्दर्शक चिडला. मी कॅमेरा खाली ठेवला आणि म्हटलं, शब्द सोड, माझ्या हाताकडं बघ. मांडीवर दुगुणीत ठेका धरला आणि फक्त ओळीची सुरुवात कुठं पडते ते बोटानं दाखवलं. आठव्या वेळी झालं. तेवढ्यात मागून म्हशी पाण्यात उतरल्या आणि त्या निम्म्या वेगात इतक्या सुंदर दिसल्या की गाण्यातला सगळ्यात चांगला शॉट आता म्हशींचा आहे.

इथल्या उन्हात शूटिंग होतं का?

होतं, पण अकरा ते चार कॅमेरा झाकून ठेवा. चंद्रपूरकडं मे महिन्यात पारा ४५ च्या वर जातो, कॅमेरा तापून आपोआप बंद पडतो आणि मोबाइल त्याच्याही आधी. पांढरी छत्री किंवा कोरडा पांढरा दुपट्टा टाका. ओला टाकू नका, एकानं टाकला होता.

ताप सोडला तरी भर दुपारचं ऊन चेहऱ्याचं नुकसान करतं. सूर्य डोक्यावर आला की डोळ्यांच्या खोबणीत अंधार होतो आणि माणूस आजारी दिसतो. नाइलाजच असेल तर त्याला मोहाच्या झाडाखाली सावलीत घ्या आणि बाहेरचं ऊन थर्माकोलनं चेहऱ्यावर परतवा. किंवा वर पांढरं कापड ताणा, युनिटमध्ये त्याला स्किमर म्हणतात. नागपूरहून स्किमर भाड्यानं आणायच्या आधी घरची धोतरं मोजा.

आपल्या भागाचं खरं वैभव दोन वेळांना आहे. एक, फाल्गुनातली सकाळ, पळस फुललेला आणि पानं गळालेली, त्यामुळे उजेड जंगलात खोलवर जातो. दुसरी, धान रोवणीच्या दिवसातली संध्याकाळ. बांध्यांत पाणी असतं, आभाळ खालूनही येतं, आणि रोवणाऱ्या बायांचे वाकलेले चेहरे आपोआप उजळतात. बाया वाकलेल्या म्हणजे वरून उजेड नाहीच, सगळा पाण्यातून परतलेला. हे पाहायला कोणी मुंबईहून येत नाही याचं मला कधी वाईट वाटतं, कधी बरं वाटतं.

पावसाळ्यात सामान कसं सांभाळता?

तबल्याची पुडी पावसाळ्यात उतरते तशी लेन्सला बुरशी लागते, फक्त लेन्स ठोकून चढवता येत नाही. घट्ट झाकणाचा डबा घ्या आणि आत सिलिका जेलच्या पुड्या ठेवा. तांदळात ठेवू नका. धानाच्या मुलखात प्रत्येकाला तांदूळच आठवतात, पण त्यातला कोंडा लेन्सच्या फटीत जातो.

खर्च किती येतो? मोबाइलवर सुरू केलं तर?

करा. एकच अट, अ‍ॅपमधून शटर, फ्रेम आणि रंगाचं तापमान स्वतः ठरवा. मोबाइलला ठरवू दिलं तर तो तुमचं शिक्षण खातो. पुढे जुना मिररलेस कॅमेरा आणि ५० मिलिमीटरची १.८ ची लेन्स पुरते. पहिला खर्च मात्र कॅमेऱ्यावर करू नका. चांगला ट्रायपॉड घ्या आणि आवाजासाठी एक रेकॉर्डर. तुम्ही संगीतवाले आहात, तुमचा आवाज खराब आला तर लाज वाटेल. व्हिडिओसाठी आवाज ४८ किलोहर्ट्झवर ठेवायचा, गाण्याच्या सीडीचा ४४.१ चा आकडा इथं विसरायचा.

कर्ज काढून कॅमेरा घेऊ नका. सीझन सुरू असेल तर सीझन करा, उन्हाळ्यात लग्नं करा. एकदम उडी मारणारे तीन जण मला माहीत आहेत, तिघांचेही कॅमेरे मी विकून दिले.

पैसे वेळेवर मिळतात का?

नाटकात रात्रीचे पैसे सकाळी मिळत. इथं तसं नाही. एका निर्मात्याकडं माझे आठ हजार दोन वर्षांपासून आहेत, तो फोनवर फार प्रेमानं बोलतो. आता मी निम्मे आधी घेतो आणि उरलेले हार्ड डिस्क हातात द्यायच्या आधी.

मुंबईला जावंच लागेल का?

चित्रपटातच जायचं असेल तर आज ना उद्या जावं लागतं. तिथं सिनेमॅटोग्राफरांची संघटना आहे, कामासाठी तिचं सदस्यत्व विचारतात. मी गोरेगावला चार महिने राहिलो, खोलीत सहा जण. शिकलो खूप. पण आमच्या बाबांचं दुखणं निघालं आणि परत आलो. पुन्हा जाईन की नाही ते शेतीवर आहे.

माझ्या मुलीला यात यायचं आहे. येऊ द्यावं का?

येऊ द्या. तमिळ चित्रपटांत बी. आर. विजयालक्ष्मी १९८० च्या दशकापासून कॅमेरा करत होत्या, म्हणजे आता यात नवल काही नाही. कॅमेरा जड असतो म्हणतात ते खरं, पण पाण्याचे दोन हंडे घेऊन चालणाऱ्या बायांच्या गावात हे कारण कोणी सांगू नये. फक्त रात्रीच्या शूटिंगला परतीची गाडी कोणाची, हे आधी पक्कं करा. ते युनिटचं काम आहे आणि ते मागायला लाजायचं नाही.

ड्रोन उडवायला परवानगी लागते का?

२०२१ च्या ड्रोन नियमांनुसार वजन, जागा आणि कामाचा प्रकार पाहून ठरतं. २५० ग्रॅमपर्यंतच्या लहान ड्रोनला बऱ्याच सवलती आहेत. जंगलाच्या राखीव क्षेत्रात मात्र वन विभागाच्या परवानगीशिवाय काढूच नका. आणि शंकरपटात बैलांवरून तर मुळीच नको. बैल बिथरतात, मग बैलवाले बिथरतात.

घरचे काय म्हणाले?

बाबा भजनात पेटी वाजवायचे. त्यांना वाटलं, पोरगं वाद्य विकून खेळणं घेऊन आलं. सहा महिने ते कॅमेऱ्याकडं बघून बोलायचे नाहीत. मग एक दिवस त्यांच्या मंडळाचं भजन मी चित्रित केलं आणि घरच्या टीव्हीवर लावलं. ते पूर्ण पाहून झाल्यावर म्हणाले, "तुया कॅमेऱ्यात पेटीवाला दिसतच नाही." खरंच दिसत नव्हता. मी तबलजीच्या हातांवरच राहिलो होतो.

आता तबला वाजवता का?

गावात असलो की संध्याकाळी सामुदायिक प्रार्थनेला बसतो. बोटं जड झाली आहेत, लग्गी पूर्वीसारखी निघत नाही. सीझनला एखादा वादक आजारी पडला तर कंपनीवाले अजून फोन करतात आणि मोकळा असलो तर जातो. तबल्याची हातोडी मात्र कॅमेऱ्याच्या बॅगेतच असते. उजेड अडवायच्या कटरच्या स्टँडचा गंजलेला नट तिच्याइतका कशानंच सुटत नाही.